दुसऱ्यांच्या ओठांवर

कोच्ची, ११ नोव्हेंबर २०१८

नारायणी एच्ची,

हे चुलीत घालण्याआधी एवढं वाच: यात माझा आवाज नाही. फोनवर मी ‘एच्ची’ म्हटलं की तू फोन ठेवतेस, म्हणून या वयात पेन आणि कागद विकत आणले.

धाकट्या बहिणीने थोरलीला लिहायचं म्हणजे आधी खुशाली विचारायला हवी. ती मला तुझ्या रजीशनकडून कळते. गुडघा दुखतो, तरी विहिरीवर जातेस, आणि पोराने बसवून दिलेली मोटर गोणपाटाने झाकून ठेवली आहेस. सहकारी बँकेत तो एवढा साहेब झाला, पण तुझ्याबद्दल विचारलं की अजून दबक्या आवाजात बोलतो. त्याला रागावू नकोस, मीच त्याला फोन करून भंडावते.

बातमी अशी की मला सिनेमात घेतलंय. म्हणजे, जवळजवळ घेतलंय. आणि आवाजासाठी नव्हे, चेहऱ्यासाठी. हसलीस ना?

जन्मभर मी डबिंगच्या खोलीत अंधारात उभी राहून पडद्यावरच्या पोरींच्या ओठांवर शब्द बसवले. कोणी मुंबईची, कोणी बंगळूरची, मल्याळमचा गंध नाही. एक तर कॅमेऱ्यासमोर रडताना नुसते आकडे म्हणायची, एक-दोन-तीन-चार, आणि तिच्या त्या आकड्यांवर मी नवऱ्याच्या पाया पडण्याचे संवाद बसवले. छान बसले. लोक डोळे पुसत बाहेर पडायचे. एका ओणमला तीन सिनेमे लागले आणि तिन्हीतल्या नायिका माझ्याच गळ्यातून बोलल्या. कोणालाही काही खटकलं नाही. नायकाने मिशी पिळायची, मुस्काटात मारायची, आणि आम्ही ‘माझं चुकलं’ म्हणायचं. ‘माझं चुकलं’ मी किती तऱ्हांनी म्हणू शकते, ते तुला सांगून खरं वाटणार नाही.

आता तसं राहिलं नाही. आता ही पोरं एवढासा कॅमेरा घेऊन खऱ्याखुऱ्या घरात शिरतात, तिथेच बोलायला लावतात, तिथेच आवाज घेतात. कावळा ओरडला तर कावळ्यासकट, शेजारी मिक्सर लागला तर मिक्सरसकट. परवा एका दिग्दर्शकाला मी म्हटलं, तुमच्या नायिकेला सर्दी झालेली ऐकू येतेय, मी बोलून देऊ का? तो म्हणाला, ती सर्दी हवीच आहे आम्हाला. मला मात्र कामं भरपूर आहेत हो, मीच नको म्हणते.

तर ही रिन्शा. त्रिकरिपूरची, आपल्याच भागातली. तिशीही गाठली नाही आणि दुसरा सिनेमा करते आहे. गोष्ट विडी वळणाऱ्या एका बाईची. नवरा सगळं आयुष्य आखातात काढून परत येतो आणि दोघांना एकमेकांशी काय बोलावं तेच कळत नाही. मारामारी नाही, गाणं नाही. शेवटी त्या बाईला राग येतो, आणि कोणी तिला माफी मागायला लावत नाही. मी कागद पुन्हा चाळले, मला वाटलं माफीचं पान गळलं.

तिला मी दोन प्रसंग वाचून दाखवले. डोळे मिटून ऐकत होती. मग म्हणाली, “प्रेमजेच्ची, किती गोड बोलता हो. पण ही तिकडची, सिनेमातली बाई बोलतेय. आपल्याकडची कुठंय?”

मी पुन्हा वाचलं. पुन्हा तीच बाई. एच्ची, मी तोंड उघडते आणि नायिकाच बाहेर येते. मद्रासला गेले तेव्हा तिथले सिनेमावाले म्हणायचे, कन्नूरकडचं बोललीस तर फक्त विनोदी मोलकरणीचे आवाज मिळतील. मी अशी हुशार, की ती बोली पुन्हा सापडू नये इतकी घासून काढली.

रिन्शाने जानेवारीपर्यंत मुदत दिली आहे. तोवर आपलं बोलणं तोंडात आलं नाही तर भूमिका दुसरीला जाईल. मला थोडे दिवस तुझ्याकडे येऊ दे. मी तोंडाला कुलूप लावते, नुसती पडवीत बसून ऐकते. तू कोंबड्यांना हाका मार, शेजारणीचा उद्धार कर, काहीही बोल.

उत्तराची वाट पाहते.

प्रेमजा


कोच्ची, ९ डिसेंबर २०१८

एच्ची,

उत्तर आलं नाही. पण रजीशन म्हणतो की पत्र चुलीत गेलेलं नाही, तांदळाच्या डब्यामागे आहे. मी समजायचं ते समजले आणि हे दुसरं लिहायला बसले.

मधल्या काळात मी माझ्या परीने खटपट केली. इथे नाक्यावर आपल्याकडचा, तळिपरंबचा एक चहावाला आहे. त्याच्याकडे जाऊन बसले, तर मला बघून तो घशात सुपारी ठेवल्यासारखं शुद्ध बोलायला लागला. मग मला युक्ती सुचली. आपल्या तिकडच्या, चेरुवत्तूरच्या एका रेशन दुकानाचा नंबर मिळवला आणि रॉकेल आलंय का विचारायला फोन केला. रॉकेल कोणाला हवंय, मला नुसतं त्याचं बोलणं ऐकायचं होतं. तो म्हणाला, “मॅडम, आम्हाला कर्ज नकोय,” आणि फोन आपटला. दुसऱ्या दिवशी केला तर मागे कोणाला तरी सांगत होता, ते बँकेचं मशीन पुन्हा बोलतंय बघ. एकेकाळी माझे फोटो छापून यायचे, आणि आता मी मशीन. हसून हसून पोट दुखलं. मग थोडी रडले.

रडण्याचा विषय निघालाच आहे तर बोलून टाकते. आपण यावर कधी बोललोच नाही.

आई गेल्याचं कळलं तशी मी निघाले. फाटकातून आत आले, अंगणात आईला ठेवलेलं दिसलं आणि मला रडू फुटलं. विहिरीपाशी बायका उभ्या होत्या. त्यातली एक हळूच म्हणाली, “अगदी तस्संच गं. त्या सिनेमात तो तुरुंगात जातो तेव्हा ती रडते ना.” दुसरीने मान डोलावली. मी ऐकलं, तूही ऐकलंस. बघता बघता सगळं अंगण आईला सोडून माझं रडणं ऐकायला लागलं. पोरांनी तर कुंपणाशी गर्दी केली. तू येऊन माझा दंड धरलास आणि म्हणालीस, “पुरे. हे रडणं घरी नको.”

त्यानंतर त्या दिवशी माझ्या डोळ्यांतून टिपूस आलं नाही. अग्नी दिला आणि मी निघाले. तू लोकांना सांगितलंस की तिला काम आहे. मला काही काम नव्हतं. मी स्टेशनच्या बाकावर बसून होते आणि तीन गाड्या सोडल्या. कोणी बोलवायला येतंय का बघत होते.

मी नाटक करत नव्हते गं. मला दुसरं रडताच येत नाही. पुढे दामोदरन गेले तेव्हा मी हॉस्पिटलच्या जिन्यात बसून रडले. जन्मभराचा नवरा, मद्रासच्या उन्हात माझ्यासाठी नारळपाणी घेऊन स्टुडिओबाहेर उभा राहणारा माणूस. आणि रडता रडता माझ्या लक्षात आलं, की मी श्वास बरोबर जागेवर तोडतेय, ध्वनिमुद्रण करणाऱ्याला सोयीचं पडेल असा. मला स्वतःची शिसारी आली. तेव्हापासून मी रडणंच टाळते.

म्हणून मला ही भूमिका हवी आहे. मागच्या पत्रात कामं भरपूर आहेत असं लिहिलं ते खोटं. ओणमनंतर एकच काम आलं, कार्टूनमधल्या खारीचं. पण त्याचं मला फार वाटत नाही. नव्या पोरी स्वतःच्या तोंडाने बोलतात, चिडतात, तोतऱ्या असल्या तर तोतरं बोलतात. सुरुवातीला मी नाकं मुरडली. नंतर एकदा दुपारच्या खेळाला जाऊन बसले. पडद्यावर एक मुलगी भात कालवत नवऱ्याशी भांडत होती, तोंडात घास, अर्धे शब्द कळत नव्हते, आणि थिएटर गप्प झालं होतं. माझ्या काळात तो घास आधी गिळायला लावला असता. मला त्या मुलीचा हेवा वाटला, अगदी पोटातून.

माझ्या गळ्यात माझं असं काही उरलंय का, एवढंच मला बघायचंय. उरलं नसेल तर तेही कळू दे. पण तुझ्याखेरीज ते कोण सांगणार? माझ्या लहानपणचा आवाज ऐकलेलं माणूस आता तूच एक राहिलीस.

येऊ का? ‘हो’ लिहायचं नसेल तर रजीशनच्या कानात सांग.

प्रेमजा


पय्यन्नूर, ८ जानेवारी २०१९

एच्ची,

पत्त्यावर नजर गेली असेलच. बसस्टँडमागच्या लॉजवर उतरले आहे, तुझ्यापासून अर्ध्या तासावर. तुझी परवानगी घेतली नाही, कारण लॉज काही तुझं नाही.

रिन्शाने वाचनालयाच्या माडीवर शिबिर लावलंय. सगळी इथलीच माणसं. मासे विकणारी एक बाई आहे, एक निवृत्त पोस्टमास्तर आहेत, आणि माझ्या नवऱ्याचं काम करणारा पवित्रन नावाचा बसकंडक्टर रजा काढून आलाय. इथे कोणाला संवाद देत नाहीत. प्रसंग सांगतात आणि म्हणतात, घरी जसं बोलाल तसं बोला. ही मंडळी अशी सुटतात की आवरत नाहीत. मासेवाली तर परवा पवित्रनला असं काही बोलली की तो खराच रुसून खाली चहा प्यायला गेला. सगळ्यांत अनुभवी मी, आणि माझीच दातखीळ बसते. मी आयुष्यभर लिहून दिलेलंच बोलत आले. घरी बोलतात तसं बोला म्हटल्यावर मला प्रश्न पडतो, कुठल्या घरी?

भरीला विडी वळायची. मांडीवर सूप, सुपात पानं आणि तंबाखू. बायका माझे हात बघून फिदीफिदी हसल्या. विडीच्या गावची ना ही, आणि पानसुद्धा धरता येत नाही? मग मला सांगावं लागलं. आमच्या विडीच्या शेडमध्ये मी सगळ्यांना वर्तमानपत्र वाचून दाखवायचे, आणि वाचणारीच्या वाटच्या विड्या बाकीच्यांनी थोड्या थोड्या वळून द्यायच्या अशी रीत होती. माझ्या मात्र सगळ्या माझी बहीणच वळायची, दुसऱ्या कोणाला हात लावू द्यायची नाही. मासेवालीने विचारलं, “का बरं?” मी तुला कधी विचारलंच नव्हतं.

काल तुझ्या फाटकापर्यंत आले होते. तू मागच्या अंगणात नारळ पाडणाऱ्याशी भांडत होतीस. मी कुंपणाला टेकून ऐकत राहिले. इतकं सुरेख कोणी भांडत नाही गं. मग तुमचा कुत्रा आला आणि मी साडी वर धरून पळाले, एका सायकलवाल्याने घंटीसुद्धा वाजवली.

शुक्रवारी सकाळी शेवटची चाचणी आहे. रिन्शाने कासरगोडची एक नाटकातली बाई बघून ठेवली आहे. तिला ऐकलं मी. चांगली आहे. चाचणी आपल्या जुन्या विडीच्या शेडमध्येच आहे, तुझ्या घरामागून शेत ओलांडलं की आलंच. ये असं म्हणत नाही. कळवून ठेवते.

प्रेमजा


पय्यन्नूर, १३ जानेवारी २०१९

एच्ची,

रजीशन सांगतो की तू गावभर सांगत फिरतेस, प्रेमजा कॅमेऱ्यासमोर माझ्या अंगावर धावून आली. तेव्हा खरं काय झालं ते माझ्या बाजूने लिहून ठेवलेलं बरं.

तू खिडकीबाहेर कधी येऊन उभी राहिलीस, मला माहीत नाही. मी जमिनीवर बसले होते, मांडीवर सूप. समोर पवित्रन. आवाज घेणारा सिबिन लांब काठीला माईक बांधून डोक्यावर धरून उभा. रिन्शाने सुरू करा म्हटलं. पवित्रन म्हणाला, “इतकी वर्षं तुला काही कमी पडू दिलं का मी?” आणि मी तोंड उघडलं तर बाहेर पडली ती नायिकाच. गोड, भरल्या गळ्याची. रिन्शाचा चेहरा मला दिसला. तिने मान खाली घातली होती. मला कळलं की संपलं. हातातलं पान टरकन फाटलं.

तेवढ्यात तू बोललीस.

“पान उलटं धरलंयस, प्रेमे.”

मी वर बघितलंसुद्धा नाही. म्हटलं, “बघतेय ना मी.”

“काय बघतेस? जन्मात एक विडी वळली नाहीस. माझी बोटं सोलली आणि तू आपली वाचतेयस.”

“मी म्हटलं होतं का तुला वळ म्हणून? सगळ्याजणी द्यायच्या वळून. तूच हात लावू दिला नाहीस कुणाला.”

“तर काय करू? त्यांनी वळल्या असत्या तर उद्या तूही त्यांच्या वळायला बसली असतीस. देणंघेणंच असतं ते. तंबाखूच्या धुळीनं गळा गेला असता तुझा. शेडमधल्या बायका कशा खोकतात, ऐकत नव्हतीस?”

हे मला नवीन होतं. इतकी वर्षं मला वाटत होतं, तू मानी म्हणून तसं केलंस. पण तेव्हा ते समजून घ्यायला सवड कुठे होती, माझं डोकं फिरलं होतं. मी म्हटलं, “एवढा जपलास गळा, मग त्याच गळ्याला अंगणातून हाकललंस कशाला?”

तू खिडकीचे गज धरलेस. मग म्हणालीस, “मला त्या दिवशी आई हवी होती. लोकांनी सिनेमा केला तिचा.”

“मलाही आईच हवी होती गं एच्ची. मी कुणाकडं रडायचं?”

एवढंच झालं. मी उठले ती खिडकीकडे यायला उठले, धावून नव्हे. सूप कलंडलं, तंबाखू सांडली आणि मला शिंका सुटल्या, त्याला कोण काय करणार. आणि तू पदराने माझं नाक पुसलंस, तेही गजातून, पवित्रन बघत असताना. हे गावात सांगताना बरं गाळतेस.

नंतरचं तुला माहीत नाही, कारण तू कोंबड्या उघड्यावर आहेत म्हणून निघून गेलीस. सिबिनने माईक केव्हाच खिडकीच्या आणि माझ्या मध्ये आणून धरला होता. त्याने काही न बोलता हेडफोन माझ्या कानांवर चढवले आणि मला ऐकवलं. दोन बायका भांडत होत्या. शब्द गिळत होत्या, एकमेकींचं वाक्य पुरं होऊ देत नव्हत्या. एच्ची, मला वाटलं दोन्ही तूच आहेस. मग कळलं की त्यातली जरा चिरकी, ती मी.

मी ते तीनदा ऐकलं. तिसऱ्यांदा ऐकताना मला इतकं बरं वाटलं, की तसं कुठल्याही सिनेमाच्या वेळी वाटलं नव्हतं.

रिन्शा म्हणाली, भूमिका माझी. आणि म्हणाली की हे भांडण सिनेमात येणार नाही, ते तुमचं आहे, तुम्हाला देऊन टाकते. कासरगोडच्या बाईलाही काम मिळालंय, ती नणंद झाली. मला आता शेडमध्ये बसून बोलता येतं. दर वेळी नाही. नायिका मध्येच डोकावते, मग मी तुला आठवते आणि जरा चिडते, की ती पळते.

आता तुझ्याबद्दल. रिन्शाला तू हवी आहेस, एकाच प्रसंगात. बाई नवऱ्यावर चिडून घरातून निघते आणि शेजारच्या थोरल्या बाईच्या दारात येऊन उभी राहते, ती थोरली तू. तू तिला म्हणालीस म्हणे, पावडर लावणार नाही, आणि यायचं तर माझ्याच घरी या, चपला बाहेर काढा. ती खूश आहे. मला एवढंच कळव, की मी त्या दिवशी सिनेमावाल्यांबरोबर चपला काढून यायचं की आधी एकटीने यायचं?

प्रेमजा


कोच्ची, १९ मे २०१९

एच्ची,

आता तू फोन ठेवत नाहीस, उलट ठेवू देत नाहीस. तरी हे लिहायला बसले, कारण तोंडाने सांगायला गेले तर दुसऱ्याच वाक्याला ‘पुरे’ म्हणशील.

तुझ्या दारातला तो प्रसंग आठवतोय ना? संध्याकाळ होती. मी पायरीखाली उभी, पदर खांद्यावरून घसरलेला, तू दारात. रिन्शाने तुला सांगितलं होतं, मनाला येईल ते बोल. तू माझ्याकडे नीट बघितलंस आणि म्हणालीस, “किती वेळ उभी राहणार? आत ये. पेज गरम आहे.” रिन्शा ‘कट’ म्हणाली तरी तू थांबली नाहीस, सरळ आत गेलीस आणि खरोखरच पेज वाढलीस, वर भाजलेला पापड आणि आंब्याचं लोणचं. मी जेवले. मागोमाग सिबिन आला, पवित्रन आला, कॅमेरावाला आला, आणि तू सगळ्यांना वाढत राहिलीस. त्या रात्री मी लॉजवर गेले नाही, आणि नंतरही गेले नाही. तुझं घोरणं अजून कानात आहे.

आता झालं असं की तू ते वाक्य म्हणालीस नेमकं तेव्हा मागच्या रुळावरून मालगाडी गेली, शिट्टी फुंकत. शूटिंगच्या वेळी ती इतकी नडेल असं सिबिनलाही वाटलं नाही, सगळ्यांचे डोळे तुझ्यावर होते. कावळ्यासकट चालतं, मिक्सरसकट चालतं, पण मालगाडीखाली तू अख्खी गेलीस. नुसते ओठ हलताना दिसतात. सिबिनने खूप घासलं, पुसलं, काही होईना. प्रसंग पुन्हा घेता येतो का ते रिन्शा पाहत होती, पण तुझी ती नजर पुन्हा येणार नाही हे तिलाही कळत होतं. राहिला एकच उपाय: त्या ओठांवर आवाज बसवायचा. म्हणजे माझा जुना धंदा.

तिने तुला फोन केला. गाडी पाठवते, एक दिवस कोच्चीला या आणि तेवढं एक वाक्य बोलून जा, असं ती म्हणाली. तू तिला काय उत्तर दिलंस ते तिने मला शब्दाला शब्द सांगितलं.

“मी कुठं त्या कोच्ची-बिच्चीला येत नाही. प्रेमजा बोलेल की माझ्या जागी. तिच्याकडं आहे माझा आवाज.”

रिन्शाच्या लेखी ही कामाची गोष्ट होती, ती लगेच तारीख ठरवायला लागली. मी मान हलवली, स्वयंपाकघरात गेले आणि नळ सोडून उभी राहिले. तू हे सहज बोलून गेलीस, कदाचित कोंबड्यांना दाणे टाकता टाकता. पण मला ते सहज घेता आलं नाही.

काल दुपारी स्टुडिओत गेले. काच, अंधार, माईक, सगळं ओळखीचं. पडदा उजळला आणि दारात तू. इतक्या बायकांना आवाज दिला, पण समोरचा चेहरा कधी माझ्या माणसाचा नव्हता. पहिल्या खेपेला गोड आलं. सिबिनने नाही म्हणून मान हलवली. दुसऱ्या खेपेला मी तुझी नक्कल केली, ती त्याहून वाईट, विनोदी मोलकरीण झाली. मग मी म्हटलं, जरा थांबा, आणि आवाज बंद करून नुसती तुला बघत बसले. तुझा ओठ डावीकडे जरा ओढला जातो. ‘आत ये’ म्हणताना तू माझ्याकडे बघतच नाहीस, चुलीकडे बघतेस, कारण म्हणून टाकल्यावर तुला लाज वाटतेय. आणि मला लख्ख कळलं की ते वाक्य तू त्या सिनेमातल्या बाईला म्हणत नव्हतीस.

तिसऱ्या खेपेला मी कसं बोलायचं याचा विचार केला नाही. माझ्या दारात कोणी माझं माणूस बऱ्याच वर्षांनी आलं असतं तर जे म्हटलं असतं, ते म्हटलं. शब्द तुझ्या ओठांवर जाऊन बसले, कुठे फट नाही. पडद्यावर पायरीशी मी, दारात तू, आणि दोघींचा आवाज घरचा.

रिन्शाला खात्री करून घ्यायची होती. तिने रजीशनला फोन लावला, काही न सांगता ते वाक्य त्याला ऐकवलं आणि फोन माझ्या कानाशी आणून धरला. पलीकडून तो म्हणाला, “अम्मा तिकडं कधी पोचली? आत्ता तर इथं पडवीत झोपली होती.”

उठून बघायला गेला असेल तो. त्याला मी अजून काही सांगितलेलं नाही, तूही इतक्यात सांगू नकोस.

तुझी,
प्रेमजा